सगळ्यात खालचा संघ

(मंडळाच्या गणेशोत्सवात झालेल्या भाषणाचा मजकूर)



उभा एकच जण असला तरी बोलतोय आम्ही पाच जण, संध्याकाळी मैदानाच्या कठड्यावर बसणारे. तुम्ही ओळखताच आम्हाला. यंदा आपल्या मुलांचा कॉलेजचा फुटबॉल संघ एकही सामना जिंकला नाही, आणि त्यांना सगळ्यात जास्त टोमणे मारले ते आम्हीच. चिखलात माखून पोरं घरी गेली की घरोघरी एकच वाक्य ऐकू यायचं, "झालं ना खेळून? आता अभ्यासाला लागा." पुढच्या वर्षी अकरा जण तरी जमतील का, ही शंका आहे. म्हणून आज हा विषय.

2017 सालचा ऑक्टोबर आठवा. 17 वर्षांखालील मुलांचा फुटबॉल विश्वचषक भारतात झाला. यजमान म्हणून आपल्याला थेट प्रवेश मिळाला होता आणि आपले तिन्ही सामने दिल्लीत होते. त्या संघात एक आपला मराठी मुलगाही होता, कोल्हापूरचा अनिकेत जाधव. 6 तारखेला अमेरिकेने 3-0 हरवलं. 9 तारखेला कोलंबियाशी गाठ. 82व्या मिनिटाला संजीव स्टॅलिनने कॉर्नर मारला आणि मणिपूरच्या जीक्सन सिंगने डोक्याने गोल केला. फिफाच्या विश्वचषकात भारताचा तो पहिलाच गोल. स्टेडियम नाचत होतं, आणि पुढच्याच मिनिटाला कोलंबियाने दुसरा गोल करून सामना नेला. 12 तारखेला घानाने 4-0. तीन सामने, तीन पराभव, केलेला गोल एक आणि खाल्लेले नऊ.

आपल्या घरात काय म्हटलं असतं ते वर सांगितलंच. फुटबॉल महासंघाने मात्र संघ मोडला नाही. याच मुलांमध्ये आणखी काही तरुण घालून 'इंडियन अ‍ॅरोज' नावाने त्यांना त्याच हिवाळ्यात आय-लीगमध्ये उतरवलं. समोर मोहन बागान, ईस्ट बंगालसारखे जुने क्लब, त्यांच्याकडे तिशीतले कसलेले खेळाडू, परदेशी खेळाडू. आपल्याकडे मिसरूड फुटलेली पोरं आणि परदेशी एकही नाही.

पहिला सामना 29 नोव्हेंबरला गोव्यात, चेन्नई सिटीशी. 3-0 जिंकले, त्यातले दोन गोल अनिकेतचे! डिसेंबरात शिलाँग लाजोंगविरुद्ध नोंगदांबा नाओरेमने बचावाची अख्खी रांग चकवून जो गोल केला, तो अजूनही कुणाच्या मोबाइलवर असेल तर जरूर बघा. पण अशा संध्याकाळी थोड्याच. मोसम संपला तेव्हा हिशोब असा होता: सामने 18, विजय 4, बरोबरी 3, पराभव 11. गुण 15. दहा संघांत दहावा क्रमांक.

आता आमच्या मनातलं सांगतो. त्या मुलांचं नशीब हे, की शेवटचे आले तरी लीगमधून बाहेर पडायचं नाही, असा नियम त्यांच्यासाठी केला होता. शनिवारी हरले तरी पुढचा सामना ठरलेलाच. विश्वचषकात तीन सामने हरल्यावर सामान बांधायचं होतं, इथे अकरा वेळा हरूनही बूट पुन्हा बांधायचे होते. आपल्या मुलांचं काय होतं? त्यांच्या स्पर्धा बाद फेरीच्या. एक हरला की घरी. वर्षभर घाम गाळून आपली पोरं यंदा खरेखुरे सामने खेळली फक्त चार. ज्या संघाला सामन्यांची सगळ्यात जास्त गरज, त्यालाच सगळ्यात कमी सामने मिळतात. हे आम्हाला इतकी वर्षं कठड्यावर बसूनही सुचलं नव्हतं. कोल्हापुरात तालमींचे संघ शाहू स्टेडियमवर मोसमभर लीग खेळतात. आज हरलेली तालीम पुन्हा तिथेच उतरते, बापलेक एकाच बाजूने ओरडतात. आपल्याकडे तसं काही नाही, म्हणून ते आपणच उभं करायला हवं.

अ‍ॅरोजची सगळीच मुलं मोठी झाली असं नाही, हेही खरं. पण 20 मार्च 2022 ला गोव्यात फातोर्ड्याला इंडियन सुपर लीगचा अंतिम सामना झाला. केरला ब्लास्टर्सकडून जीक्सन होता, राहुल के. पी. होता. पहिला गोल राहुलनेच मारला. हैदराबादच्या संघात अनिकेत. सामना पेनल्टीवर गेला आणि हैदराबाद जिंकलं. तिघेही त्या दहाव्या क्रमांकाच्या संघातले.

तर आमची मागणी छोटी आहे. दिवाळीपासून होळीपर्यंत एक रविवार आड सामना. गोंदियाच्या मुलांशी बोलणं झालंय, ते यायला तयार आहेत, आपणही जाऊ. आगगाडीचं भाडं आणि दोन चेंडू आम्ही पाच जण बघतो. मंडळाकडून हवेत ते चहा-पोहे आणि जखमांवर लावायचं औषध. गुणतक्ता दर सामन्यानंतर मंडळाच्या फळ्यावर लागेल, आपण तळाला असलो तरीही. आयांना एक विनंती, त्या रविवारी कपडे कितीही मळले तरी सोमवारपर्यंत रागवू नका.

विसर्जनानंतरच्या रविवारी सकाळी सहाला सराव सुरू होतोय. आम्ही कठड्यावर असू. टोमणे बंद, असं कबूल केलंय, पण आमच्यातल्या एकाचा काही भरवसा नाही. त्याला मुलांनी सरळ लाइन्समनचा झेंडा हातात द्यावा.