फुटांनी मोजलेला काळ



स्वागत समितीच्या वतीने आपणा सर्वांचे मनःपूर्वक स्वागत. ‘प्रभात’ स्टुडिओच्या आवारात फिल्म इन्स्टिट्यूट असलेल्या या पुण्यात कॅमेऱ्याविना केलेल्या चित्रपटांवर परिषद भरते आहे, याची काहींना गंमत वाटेल. पण चित्रपटातल्या काळाशी आपली ओळख जुनी आहे. ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधीच दादासाहेब फाळक्यांनी वाटाण्याचा वेल वाढताना टिपला आणि दिवसांची वाढ पडद्यावर क्षणांत दाखवली. कॅमेऱ्याने काळ आवळता येतो, हे त्यातून दिसले.

आपल्या चर्चेतल्या कलावंतांनी कॅमेराच बाजूला ठेवला. लेन लाय यांनी १९३५ साली ‘अ कलर बॉक्स’ थेट फिल्मवर रंगवला. नॉर्मन मॅक्लॅरेन यांनी ‘ब्लिंकिटी ब्लँक’मध्ये काळ्या फिल्मवर कोरीव काम केले आणि कितीतरी चौकटी काळ्याच सोडल्या, मधले अंतर प्रेक्षकाने मनात भरायचे. स्टॅन ब्रॅकेज यांनी १९६३ साली ‘मॉथलाइट’साठी पतंगांचे पंख आणि पाने चिकटपट्ट्यांमध्ये दाबून बसवली. पानाला चौकटीची हद्द ठाऊक नसते, ते कित्येक चौकटींवर सलग पसरते. त्याचे सेकंदाला २४ तुकडे करतो तो प्रोजेक्टर. म्हणून हे कलावंत काळ फुटांनी मोजतात: १६ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात ४० चौकटी, म्हणजे पावणेदोन सेकंदांहून थोडे कमी. तेवढ्यासाठी हाताला दिवस लागू शकतो.

तोमोनारी निशिकावा यांनी तर हातही काढून घेतला. २०१४ साली फुकुशिमा अणुवीज केंद्रापासून सुमारे २५ किलोमीटरवर त्यांनी १०० फूट निगेटिव्ह पाचोळ्याखाली पुरली, सूर्यास्तापासून सूर्योदयापर्यंत. त्या रात्रीच्या खुणा फिल्मवर उमटल्या, तोच चित्रपट.

अशा चित्रपटात काळ दोन ठिकाणी असतो, पट्टीवर आणि पडद्यावर. नुसत्या डिजिटल प्रतीवर भागवले तर पहिला हातून निसटतो. म्हणून शेजारच्या दालनात प्रकाशमेजावर फिल्मच्या पट्ट्या मांडल्या आहेत. त्या कडेने धरा, चौकटी मोजा आणि मग खेळाला बसा. हे दालन दुपारी एक ते चारही उघडे राहील, याची पुणेकर म्हणून मी खास ग्वाही देतो.

व्यवस्थेत काही उणे वाटले तर कार्यकर्त्यांना हक्काने सांगा. पुन्हा एकदा सर्वांचे स्वागत करतो आणि अध्यक्षांना सूत्रे हाती घेण्याची विनंती करतो.