कुटुंबातून वजा झालेली माणसे



वरोरा स्टेशनावर उतरणाऱ्या उतारूंमध्ये एके काळी असा एक वर्ग होता, ज्याला परतीच्या तिकिटाची गरजच नसे. कोणाला सख्ख्या भावाने गाडीत बसवून दिलेले असे, तर कोणी निजलेल्या लेकरांना न उठवता रात्रीच घर सोडलेले असे. हातापायांना बधिरता आली, चट्टे उठले आणि गावात कुजबुज सुरू झाली, की घरातील भांडे वेगळे होई, मग अंथरूण वेगळे होई आणि अखेरीस माणूसच वेगळा होई. आनंदवनाचा इतिहास सांगताना बाबा आमटे यांच्या त्यागाची महती गायिली जाते, आणि ती रास्तच आहे. पण तेथे आलेल्या माणसांनी काय गमावले होते, याचा हिशेब क्वचितच मांडला जातो.

मुरलीधर देवीदास आमटे हे जमीनदार घराण्यातील वकील. १९४६ साली त्यांचा विवाह नागपूरच्या घुलेशास्त्री घराण्यातील इंदूताईंशी झाला. ब्रह्मचर्याचा निश्चय केलेल्या या तरुणाने तो मोडला, आणि सनातनी वैदिक घरातील मुलीने विवाहानंतर श्रमाश्रमात सर्व जातींच्या माणसांसमवेत एका चुलीवरचे अन्न स्वीकारले. इंदूताईंच्या साधनाताई झाल्या. पुढे वरोऱ्यात तुळशीराम नावाचा, शरीर सडत चाललेला एक महारोगी बाबांना रस्त्यात दिसला. निर्भय म्हणविणारा हा माणूस प्रथम भयाने पळाला. नंतर स्वतःच्या पळण्याची लाज वाटून परतला आणि त्याची सेवा करू लागला. ही हकीकत सर्वश्रुत आहे. १९४९ मध्ये महारोगी सेवा समितीची स्थापना झाली. १९५१ मध्ये सहा रुग्ण, एक लंगडी गाय आणि १४ रुपये एवढ्या भांडवलावर हे कुटुंब वरोऱ्याबाहेरील खडकाळ माळावर राहावयास गेले. विकास आणि प्रकाश ही दोन मुले तेव्हा अगदी लहान होती.

निर्णय बाबांचा होता, असे आपण सहज म्हणून जातो. तो अमलात आणणारे हात मात्र साधनाताईंचे होते. त्या काळी ज्या रोगाच्या नुसत्या नावाने शेजारी दार लावून घेत, त्या रोग्यांमध्ये दोन लहान मुले वाढविणे ही गोष्ट व्याख्यानात सांगण्याइतकी सोपी नव्हे. त्यांनी आपल्या आत्मचरित्राला ‘समिधा’ हे नाव दिले. यज्ञाचे पुण्य यजमानाच्या पदरी पडते आणि समिधा जळून जातात. चळवळीतील पुरुष कार्यकर्त्यांनी हे नाव वाचून थोडे अस्वस्थ व्हावयास हरकत नाही.

आनंदवनात पिकलेला भाजीपाला विकत घ्यावयास वरोऱ्याचा बाजार सुरुवातीला तयार नव्हता. १९६४ साली मात्र आनंदनिकेतन महाविद्यालय उभे राहिले आणि गावातील मुले रोग्यांच्याच श्रमाने बांधलेल्या इमारतीत शिकू लागली. उपदेशाने जे साधले नाही ते श्रमाने साधले. त्याहून मोठी घटना अशी की, त्या वसाहतीत लग्ने लागली. ज्यांचे पहिले संसार रोगाने उद्ध्वस्त केले होते, त्यांनी पुन्हा संसार मांडले. बोटे गमावलेल्या हातांनी एकमेकांसाठी भाकरी थापली.

समाजाची ही निर्दयता केवळ अज्ञानातून आलेली होती, असे मानणे भाबडेपणाचे ठरेल. तिच्यामागे कायदा उभा होता. १८९८ च्या महारोगी कायद्याने निर्धन रुग्णांना पकडून आश्रमात डांबण्याची तरतूद केली, आणि हे ‘निर्धन’ विशेषण ध्यानी घेण्याजोगे आहे. श्रीमंताचा रोग घरातल्या खोलीत झाकला जाई आणि गरिबाचा रोग पोलिसांच्या हाती जाई. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्याने कुष्ठरोग हे घटस्फोटाचे कारण ठरविले. १९८० च्या दशकात बहुविध औषधोपचार देशात आले आणि रोग बरा होऊ लागला, तरीही ते कलम टिकून राहिले. १८९८ चा कायदा २०१६ मध्ये रद्द झाला. घटस्फोटाचे कारण तर २०१९ मध्ये पाच वैयक्तिक कायद्यांत दुरुस्ती झाल्यावर वगळले गेले. औषध आल्यानंतर कायद्याला जाग यावयास तीन तपे लागली!

१९७३ च्या डिसेंबरात भामरागडच्या अरण्यात हेमलकसा येथे लोकबिरादरी प्रकल्प सुरू झाला. डॉ. प्रकाश आमटे शस्त्रक्रियेचे उच्च शिक्षण सोडून तेथे गेले आणि नवपरिणीत डॉ. मंदाकिनी त्यांच्यासमवेत गेल्या. सासूने माळावर जे केले, तेच सुनेने अरण्यात केले. पावसाळ्यात नद्या फुगून वाट बंद पडणाऱ्या त्या मुलखात माडिया माणूस आजाऱ्याला झोळीत घालून दवाखान्यात आणी आणि बरा झाला की परत नेई. दारिद्र्याने पिचलेल्या त्या समाजाला आजारी माणूस घरात परत घेता येतो, मग सातबाऱ्यावर नाव असलेल्या सुशिक्षितांना ते का जमू नये?

२००५ च्या अखेरीस सरकारने कुष्ठरोगाचे राष्ट्रीय पातळीवर निर्मूलन झाल्याचे घोषित केले. त्या घोषणेचा अर्थ एवढाच होता की, दर दहा हजारांमागे रुग्णांचे प्रमाण एकाहून खाली आले. चंद्रपूर आणि गडचिरोली हे जिल्हे त्यानंतरही महाराष्ट्रातील अधिक प्रादुर्भावाच्या जिल्ह्यांत राहिले. नव्याने रोग जडणारा माणूस बहुधा शेतमजूर असतो. तपासणीला गेलो तर मजुरी बुडेल आणि चट्टा दिसला तर सोयरीक मोडेल, या दुहेरी धाकाने तो रोग लपवितो. लपविलेला रोग बोटे खातो.

म्हणून तालुक्यातील कार्यकर्त्यांपुढे एक साधे काम आहे. बरा झालेला माणूस गावी परतला असेल किंवा परतू इच्छीत असेल, तर त्याचे नाव शिधापत्रिकेवर आहे की नाही, हे पाहावे. बाप वारल्यावर वारसनोंदीतून ते गाळले गेले आहे काय, याची तलाठ्याकडे चौकशी करावी. गाळले गेले असल्यास भाऊबंदांची नाराजी पत्करून त्याचा अर्ज लिहून द्यावा आणि सुनावणीच्या दिवशी त्याच्या शेजारी, त्याच बाकावर बसावे.