कॅमेरा कुणाच्या पैशाचा?

(प्रभादेवीच्या बैठकीत केलेलं भाषण)



मला भाषणाची सवय नाय. दिवसा धक्क्यावर लोखंडाच्या कॉइल उतरवतो, रात्री कविता लिहितो. शिक्षण मॅट्रिक. चुकलो तर तिथल्या तिथे टोका.

इथून चार पावलांवर सयानी रोडला भूपेश गुप्ता भवन आहे. 2004 च्या फेब्रुवारीत, आपण चड्डीत फिरत होतो तेव्हा, तिथे ‘विकल्प’ भरला होता. सरकारी माहितीपट महोत्सवाने नियम काढला होता की देशी फिल्मला सेन्सॉरचं सर्टिफिकेट पाहिजे, विदेशीला नको. बोंबाबोंब झाली तेव्हा नियम मागे घेतला. मग निवडीतच गुजरातच्या दंगलीवरची फिल्म गळाली, अशा आणखी बऱ्याच गळाल्या. त्या लोकांनी स्वतःचा पडदा लावला.

त्या जमातीतला जुना माणूस आनंद पटवर्धन. जन्म मुंबईचाच, 1950 चा. आडनाव ऐकून काहींच्या कपाळावर आठी आली, दिसली मला. माझ्याही आली होती.

त्याचा धंदा बघा. 1974 ला बिहारचं आंदोलन टिपलं ते उसन्या सुपर 8 कॅमेऱ्यावर. ते पडद्यावर पाडून सोळा मिलिमीटरवर परत उचललं. आणीबाणीत प्रिंटचे तुकडे करून देशाबाहेर धाडले. 1985 ला ‘हमारा शहर’, झोपड्या तोडणाऱ्या मुंबईवर. 1992 ला ‘राम के नाम’. राष्ट्रीय पुरस्कार सरकारच देतं आणि दूरदर्शन दाखवत नाय, मग कोर्टात जाऊन दाखवायला लावायचं. ‘जंग और अमन’वर सेन्सॉरने कात्री मागितली; 2003 ला हायकोर्टाने एकही तुकडा न कापता सोडली. अर्धी कारकीर्द वकिलाच्या दारात. पगार नाय, बोनस नाय, फंड नाय.

आता कडू बोलतो. हा माणूस अमेरिकेत शिकला, इंग्रजी येतं, कोर्टाची पायरी बघून त्याच्या पोटात गोळा येत नाय. हेही भांडवलच. ते आपल्याकडे नाय. आपल्यातल्या कुणी तसंच केलं असतं तर पहिल्याच केसला घरचं भांडं विकलं असतं.

पण त्या ‘हमारा शहर’मध्ये शाहीर विलास घोगरे गातो. 11 जुलै 1997 ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले, पोलिसांनी गोळ्या घातल्या. 10 माणसं मेली. चार दिवसांनी विलास गेला, स्वतःच्या हाताने. पटवर्धनकडे त्याचा आवाज शिल्लक होता. तिथून कॅमेरा सुरू झाला तो 14 वर्षं. पोलिस म्हणत होते, जमाव टँकर पेटवणार होता. फिल्मने तो टँकर तपासला, खोटं उघडं पाडलं. ‘जय भीम कॉम्रेड’, 2011. पैसे घालणारा शेठ असता तर 14 महिनेसुद्धा थांबला नसता.

हे सांगतोय कशाला? मागच्या पावसाळ्यात आमच्या गँगमधल्या एकाच्या पायावर कॉइल आली. स्लिंग जुनी होती, सगळ्यांना ठाऊक होतं. एका पोराने मोबाईलवर घेतलं. मुकादमाने त्याला बाजूला नेलं, दोन हजार हातावर ठेवले, समोर पुसायला लावलं. संध्याकाळी कागदावर आलं की गडी दारू प्यायला होता. तो माळकरी माणूस, चहाही पीत नाय! पण पुरावा कुठाय? मी त्याच्यावर कविता लिहिली. कविता कागदपत्राला जोडता येत नाय.

आता आपल्या मंडळाला वॉर्डातले एक साहेब कॅमेरा देतायत. अट छोटीच: प्रत्येक फिल्मच्या सुरुवातीला त्यांचा फोटो, आणि पुनर्विकासाच्या भानगडीत तोंड घालायचं नाय. आपले काही मित्र म्हणतात, कॅमेरा तर येऊ दे, मग बघू. अरे, त्या पोरानेही हेच म्हटलं असेल. दोन हजार तर येऊ दे.

माझं मत विरोधात. जुना कॅमेरा बघितलाय मी, चालू आहे, बॅटरी तेवढी मरते. अकरा जणांनी वर्गणी काढली तर दोन महिन्यांत येतो. कार्ड कुणाच्या घरी राहणार, प्रत दुसरी कुणाकडे, तेही आधी ठरवू.

रविवारी मत आहे. येताना पाचशे घेऊन या. नसतील तर शंभर आणा.