मधली अठरा वर्षं



पदवीच्या दिवशी पाहुण्यानं मोठ्या माणसांची उदाहरणं द्यावीत, अशी रीत आहे. ती मी पाळतो. फक्त नेहमी सांगितला जाणारा भाग लवकर उरकतो आणि सहसा जो गाळला जातो तिथे जरा थांबतो.

उदाहरण मुंबईच्या तुरखिया बंधूंचं आहे. १९९८ साली भाविन अठरा वर्षांचा होता, धाकटा दिव्यांक सोळा वर्षांचा. वडिलांकडून २५,००० रुपये घेऊन दोघांनी डायरेक्टी ही कंपनी काढली. २०१४ मध्ये तिच्यातले वेबसाइटशी संबंधित व्यवसाय अमेरिकेतल्या एन्ड्युरन्स इंटरनॅशनल ग्रुपकडे गेले. ऑगस्ट २०१६ मध्ये दिव्यांकनं मीडिया डॉट नेट ही जाहिरात-तंत्रज्ञानाची कंपनी चिनी गुंतवणूकदारांच्या गटाला सुमारे ९० कोटी डॉलरना विकली. गूगलनं २००९ मध्ये ॲडमॉब ही मोबाइल-जाहिरातींची कंपनी ७५ कोटी डॉलरना घ्यायचं ठरवलं होतं. मीडिया डॉट नेटचा सौदा त्याहून मोठा.

एका टोकाला पंचवीस हजार रुपये, दुसऱ्या टोकाला नव्वद कोटी डॉलर. मधली अठरा वर्षं गाळली की हे सगळं नशिबाचं वाटतं, आणि ऐकणाऱ्याच्या हाती काहीच लागत नाही. शिवाय तुम्हाला हेही स्पष्ट सांगायला हवं की ती मुलं मुंबईची होती. भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट १५ ऑगस्ट १९९५ ला सुरू झालं, आणि ते आधी पोचलं ते मोठ्या शहरांत. तो फायदा त्यांना होता, आपल्या कोंढ्यासारख्या गावातल्या मुलांना नव्हता. तेव्हा त्यांच्या सुरुवातीची नक्कल करण्यात अर्थ नाही. शिकण्यासारखं आहे ते मधल्या वर्षांत.

सुरुवातीला काम होतं वेबसाइटना जागा पुरवायचं. त्यातून वेबसाइटची नावं, म्हणजे डोमेन, विकण्याचा व्यवसाय आला. नावं विकताना एक गोष्ट दिसते: लोक नावं घेऊन ठेवतात, त्यावर काही उभारत नाहीत. तरीही रोज कुणीतरी ते नाव टाइप करून त्या रिकाम्या पानावर येतच असतं. बाकीच्यांना ती पडीक जागा वाटली. दिव्यांकनं २००५ मध्ये स्केन्झो काढली ती नेमकी तिच्यासाठी: रिकाम्या पानावर आलेला माणूस काय शोधत असेल हे त्या नावावरून ओळखायचं आणि त्याला जुळणाऱ्या जाहिराती दाखवायच्या. हाताशी होतं काय, तर एखादा-दुसरा शब्द. तेवढ्यावरून माणसाची गरज ओळखण्याचा सराव तिथे झाला. २०१० मध्ये आलेल्या मीडिया डॉट नेटनं तोच सराव बातम्या आणि लेखांच्या भरलेल्या पानांवर नेला. २०१२ पासून याहू आणि बिंगच्या जाहिरातदारांचा बाजार तिला जोडला गेला. बाहेरच्या गुंतवणूकदारांचा पैसा न घेता ती वाढली. तिला पोसलं ते आधीच्या कामांनी.

ही विद्या तुम्हाला परकी नाही. दिवाळी झाली की आपल्या झाडीपट्टीत, म्हणजे पूर्व विदर्भात, मंडयांचा, म्हणजे गावजत्रांचा, हंगाम सुरू होतो. दिवसा मंडई, रात्री दंडारीचं लोकनाट्य नाहीतर झाडीपट्टीचं नाटक. वडसा-देसाईगंजच्या नाट्यमंडळांचे फलक कुठे लागतात? जिथे मंडई, त्या गावच्या वाटेवर. फलक लावणाऱ्याला तुमचं नाव, वय, कमाई काही माहीत नसतं. मंडईला निघालेला माणूस रात्री नाटकाला थांबेल, एवढं कळलं की त्याचं काम होतं. संदर्भ पाहून लावलेली जाहिरात म्हणतात ती हीच.

दुसरी रीत आहे माणसाचा माग काढण्याची. १९९४ मध्ये ब्राउझरमध्ये कुकी, म्हणजे वापरणाऱ्याची खूण ठेवणारी छोटी फाइल, आली आणि पुढे तिच्या आधारे कोण कुठे फिरतो याच्या नोंदी ठेवल्या जाऊ लागल्या. आज तुम्ही मोबाइलवर एक पान उघडता, तेव्हा सेकंदाच्या काही अंशात तुमच्या नजरेचा लिलाव होतो आणि जास्त बोली लावणाऱ्याची जाहिरात तुम्हाला दिसते. आपल्याकडे २०२३ मध्ये व्यक्तिगत माहितीच्या संरक्षणाचा कायदा झाला, त्यामागे ही चिंताही आहे. या क्षेत्रात जाणाऱ्यानं कोणती रीत धरायची हे पहिल्या दिवशीच ठरवावं. फलकवाल्याची रीत धरूनही पोट भरतं.

आता भाविनकडे पाहा. डोमेन विकताना त्या बाजाराची जी जाण आली, ती घेऊन २०१२ मध्ये रेडिक्स ही कंपनी उभी राहिली. तिनं डॉट स्टोअर, डॉट ऑनलाइन अशी वेबसाइटच्या नावांची नवी शेपटंच बाजारात आणली. त्याची स्वस्त फोनकॉलची रिंगो ही सेवा मात्र भारतात रुजली नाही. रिंगोच्याच सुमारास बँकांसाठी सॉफ्टवेअर करणारी झिटा सुरू झाली होती, आणि ती वाढली. एकामागून एक धंदे काढणारा माणूस धाडसी असतो, असं आपण म्हणतो. मला तो काटकसरी वाटतो. आधीच्या कामात शिकलेलं तो वाया जाऊ देत नाही.

म्हणून तुम्हाला सांगायचं ते एवढंच: पहिलं काम कोणतं मिळालं याची फार चिंता करू नका, त्यातून काय उचललं याची करा. तुमच्यापैकी काही जण पोलीस भरतीची, तलाठी भरतीची तयारी कराल. काही जण आपले सरकार सेवा केंद्रात बसाल. त्या खुर्चीवरून पाहा. जून महिन्यात उत्पन्नाच्या, जातीच्या, अधिवासाच्या दाखल्यांसाठी रांग लागते आणि कुणाचा ना कुणाचा अर्ज एखाद्या कागदाअभावी परत येतो. कोणता कागद, कुणाचा, का राहतो, हे त्या खुर्चीवरच्या मुलीइतकं कुणालाच ठाऊक नसतं. तिनं ते वहीत लिहून ठेवलं, तर एप्रिलमध्येच गावोगावी जाऊन कागद तयार करून देण्याचं काम तिचं स्वतःचं होऊ शकतं. नाट्यमंडळाचे फलक लावणारा मुलगा कोणत्या गावची मंडई कधी, तिथली गर्दी किती, हे हंगामभर पाहतो. ती यादी त्याच्याकडे असेल तर पुढच्या वर्षी नाटकांचं बुकिंग, मंडप, ध्वनिव्यवस्था, यांतलं काहीही तो हाती घेऊ शकतो.

त्यासाठी दोन सवयी लावून घ्या. रोजचा हिशेब स्वतः लिहा, कारण पैसा कुठून येतो हे ज्याला कळत नाही त्याला धंदा कळत नाही. आणि जे पुन्हा पुन्हा अडतं, पुन्हा पुन्हा विचारलं जातं, ते टिपून ठेवा.

पहिल्या कामानं तुम्हाला शिकवलेलं, दुसऱ्या कुणाला माहीत नसलेलं असं काही अर्ध्या पानावर मांडता आलं, की दुसऱ्या कामाची तयारी झाली समजा. तोवर घाई करू नका. त्यानंतर मात्र कुणाच्या परवानगीची वाट पाहत बसू नका.