लेकीला हळद कुणी लावायची?

लग्नसराई आली की गटाच्या बैठकीत हप्त्यापेक्षा लग्नाच्याच गोष्टी जास्त होतात. म्हणून आज आम्ही हळदीबद्दल बोलणार आहोत.

आपल्याकडं लग्न मंगलाष्टकांच्या आधीच, बायांच्या हातानं सुरू होतं. जातं धुवून त्याला हळदीकुंकू लावायचं, हळकुंड-सुपारी बांधायची, मुसळांना आंब्याची पानं बांधून घाणा भरायचा. पाच सवाशिणी हात लावतात, बाकीच्या गाणी म्हणतात. गाण्यातून देवांना आवतन जातं, मामाला बोलावणं जातं, वरमाईची थट्टाही होते. या कामाला भटजी लागत नाही की पोथी. नवरदेवाची उष्टी हळद मग नवरीकडं येते. आता हळद पुडीतून येते आणि डीजेपुढं गाणं ऐकू येत नाही, ते असो.

आम्हाला खटकते ती दुसरीच गोष्ट. जिचा नवरा गेला, त्या आईनं लेकीच्या हळदीला हात लावायचा नाही. अर्धापूर, मुदखेडच्या शिवारात हळद वेचायला, शिजवायला, वाळवायला तीच बाई चालते. तिथं तिचं कपाळ कुणी बघत नाही. लेकीच्या गालाला लावायची वेळ आली की मात्र तिनं दाराआड उभं राहायचं!

कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेनं मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला. बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं, मंगळसूत्र काढून घेणं, सगळं बंद. त्याच महिन्यात सरकारनं परिपत्रक काढून बाकीच्या ग्रामपंचायतींनाही तसंच करायला सांगितलं. पण परिपत्रक काही मांडवात येऊन उभं राहत नाही.

आमच्या गटातल्या एका ताईच्या लेकीचं लग्न होतं. अपशकुन होईल, असं घरातल्या म्हणाल्या. आम्ही वाद घातला नाही. अकराजणी मिळून घाण्याला गेलो आणि पहिलं मुसळ ताईच्या हाती दिलं. एक चुलती उठून मांडवाबाहेर गेली, ती जेवायलाच परत आली. ताईचे हात थरथरत होते. तिनं लेकीला हळद लावली, आणि मग आम्ही सगळ्यांनी.

ग्रामसभेच्या आधी महिलांची सभा घ्यावी लागते. तुमच्या गावात हा विषय तिथं मांडा, आणि सभेच्या वहीत लिहून घेतल्याशिवाय उठू नका. घरात आजी असेल, तर या उन्हाळ्यात तिची घाण्याची गाणी मोबाइलवर भरून ठेवा. पोरींना सांगा, त्या भरतील.