होल्लोको : जळून उभे राहिलेले गाव

(ट्रस्टच्या सुवर्णमहोत्सवात दिलेले भाषण)



संस्थेच्या वाढदिवशी संस्थेचे गुणगान करावे असा शिरस्ता आहे. आम्ही तो मोडून आपणांस दूरदेशीच्या एका शेतकरी गावाची हकीकत सांगणार आहो. तिचे प्रयोजन शेवटी आपोआप ध्यानात येईल.

हंगेरीची राजधानी बुडापेस्ट. तिच्या ईशान्येस सुमारे ९० किलोमीटरवर, डोंगरांच्या कुशीत होल्लोको वसले आहे. या नावाचा अर्थ 'कावळ्याचा दगड' असा होतो. माथ्यावरील किल्ल्याचे दगड कावळ्यांनी वाहून आणले अशी तेथील दंतकथा आहे. इतिहास मात्र सांगतो की, १२४१-४२ च्या मंगोल स्वारीनंतर हा किल्ला बांधला गेला. पुढे तो तुर्कांकडे गेला आणि १६८३ मध्ये त्यांच्या हातून सुटला. पायथ्याचे आजचे गाव मुख्यतः सतराव्या-अठराव्या शतकांत वाढले.

येथील लोक पालोत्स म्हणून ओळखले जातात. त्यांची घरे अरुंद, लांबट जागांवर असत. पहिल्या पिढीचे घर रस्त्यालगत, मुलाचे त्यामागे, नातवाचे त्याही मागे. चुली वेगळ्या झाल्या तरी जागा एकच. धान्याची कोठारे मात्र घरांपासून दूर, शेताच्या कडेला.

घरे लाकडाची आणि छपरे गवताची, त्यामुळे आग ठरलेलीच! १७८३ मध्ये लाकडी बांधकामास मनाई झाली. परंतु जुनी सवय सुटेना. गाव पुनःपुन्हा जळत राहिले. शेवटची मोठी आग १९०९ ची. त्या वेळी गावकऱ्यांनी घरे पूर्वीच्याच जागी, पूर्वीच्याच घाटाची उभारली. दगडी जोते, चुन्याने पांढऱ्या केलेल्या भिंती, पुढे लाकडी खांबांची ओसरी. फक्त गवत जाऊन कौले आली. वडिलांचा घाट राखला. वडिलांची चूक तेवढी टाकली.

१९८७ मध्ये युनेस्कोने या गावास जागतिक वारशाच्या यादीत स्थान दिले. आज ईस्टरच्या सणास तेथे प्रवाशांची रीघ लागते. परंतु गावची वस्ती अवघी तीनशेच्या आसपास. तरुण माणसे पोटापाण्यासाठी शहराकडे गेली, आणि कित्येक घरांत संसाराऐवजी संग्रहालये व पाहुण्यांच्या खोल्या आल्या. भिंती राहिल्या, चुली विझू लागल्या.

येथेच आमचे मन थबकते. आपल्या ट्रस्टची इमारत, दप्तर, प्रथा हे सर्व आपण जपू, जपलेही पाहिजे. परंतु तरुण पिढीला जर येथे काही काम नसेल, तिचा शब्द कोणी ऐकत नसेल, तर पुढील महोत्सवात आपण केवळ प्रेक्षणीय होऊन राहू. आणि गवताचे छप्पर कोणते, हे वेळीच ओळखण्यासाठी आगीची वाट का पाहावी?