मोबदल्यासाठी दाद मागायची कुठे?

आज भूसंपादनाच्या मोबदल्याबद्दल बोलायचं आहे, पण दर किती मिळावा याबद्दल नाही. त्याच्या आधीचा प्रश्न घेऊ: दाद मागायची कुठे?

माझ्या मामांची गोष्ट सांगतो. शेती जळगाव जिल्ह्यात, मुक्काम नोकरीमुळे इंदूरला. राष्ट्रीय महामार्गात त्यांची सव्वा एकर केळीची जमीन गेली. निवाड्यातला दर कमी वाटला. कुणीतरी सांगितलं, 2013 चा नवा कायदा आहे, कलम 64 खाली अर्ज करा. मामांनी केला. पावणेदोन वर्षं तारखा पडल्या आणि शेवटी आदेश आला, की हे प्रकरण ऐकण्याचा आम्हाला अधिकार नाही. दर बरोबर की चूक, यावर एक शब्दही नव्हता.

महामार्गासाठी जमीन घेतात ती 1956 च्या राष्ट्रीय महामार्ग कायद्याने. 1 जानेवारी 2015 पासून तिथेही मोबदल्याचा हिशेब 2013 च्या कायद्याप्रमाणे होतो. पण रकमेचा वाद जातो तो 1956 च्याच कायद्याच्या कलम 3जी(5) प्रमाणे, केंद्र सरकारने नेमलेल्या लवादाकडे. हिशेब नव्या कायद्याचा, दरवाजा जुन्या कायद्याचा. मामा नेमके इथे फसले.

लवादाचा निर्णय पटला नाही, तर लवाद कायद्याच्या कलम 34 खाली जिल्हा न्यायालयात जाता येतं. मुदत निर्णय मिळाल्यापासून तीन महिने. सबळ कारण असेल तर आणखी 30 दिवस, त्यापुढे एक दिवसही नाही. आणि हे नेहमीसारखं अपील नव्हे. 2021 साली हकीम प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की इथे न्यायालय निर्णय रद्द करू शकतं, रक्कम वाढवून देऊ शकत नाही. 2025 मध्ये घटनापीठाने बदलाची थोडी मुभा दिली, तीही मर्यादितच. म्हणून शेजारच्या जमिनींची खरेदीखतं, विहीर, पाइपलाइन, बागेचा पंचनामा, सगळं लवादापुढेच मांडा. पुढे संधी मिळेल असं धरून चालू नका.

आता दुसरा दरवाजा. कालव्यासाठी, तलावासाठी 2013 च्या कायद्याने जमीन गेली असेल, तर कलम 64 चा अर्ज जिल्हाधिकाऱ्यांकडे द्यायचा. ते प्रकरण प्राधिकरणाकडे पाठवतात. निवाड्याच्या वेळी हजर असाल तर मुदत सहा आठवडे. नसाल तर नोटीस मिळाल्यापासून सहा आठवडे किंवा निवाड्यापासून सहा महिने, यांपैकी जे आधी संपेल ते. दिवाणी न्यायालयात दावा चालत नाही, कलम 63 ने ती वाट बंद केली आहे. प्राधिकरणाच्या निवाड्यावर 60 दिवसांत उच्च न्यायालयात अपील. कारण पटलं तर आणखी 60 दिवस.

कुठलं उच्च न्यायालय? तुम्ही राहता तिथलं नव्हे, जमीन आहे तिथलं. इंदूर, बडोदा, हैदराबाद, कुठेही राहा. शेत जळगावात असेल तर अपील मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात. शेत बुऱ्हाणपुरात असेल तर मध्य प्रदेश उच्च न्यायालयात.

बाहेरगावी राहणाऱ्यांनी आणखी दोन गोष्टी सांभाळायच्या. नोटीस गावच्या पत्त्यावर जाते, म्हणून गावात कुणाला तरी लक्ष ठेवायला सांगा. निवाड्याची माहिती प्रत्यक्ष कधी मिळाली यालाही महत्त्व आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने 1961 मध्येच सांगितलंय. म्हणून पाकीट आणि पोचपावती जपून ठेवा. दुसरं, पैसे घेताना ‘निषेधासह, हक्क राखून’ असं लिहूनच सही करा. तसं न लिहिता रक्कम घेतली, तर 2013 च्या कायद्याखाली वाढीव मोबदल्याचा अर्ज करता येत नाही.

मामांना आता वकिलांनी लवादापुढे नेलं आहे. प्रामाणिकपणे चुकीच्या ठिकाणी लढण्यात गेलेला वेळ मुदत कायद्याच्या कलम 14 प्रमाणे वगळून मिळू शकतो, पण ते सिद्ध करावं लागतं. मामा म्हणतात, “जमीन सरकारने नेली रे, पण ही दोन वर्षं मी माझ्या हाताने घालवली.”

म्हणून निवाडा हातात आला, की रकमेचा आकडा नंतर बघा. आधी बघा, जमीन कोणत्या कायद्याने घेतली आहे. ती ओळ घेऊनच वकिलाकडे जा.